लोंढा, मॉस्कोबाहेर

परशराम हलगेकर, माझे मामा,
रेल्वेचे बोर्ड रंगवायचे.
पिवळ्यावर काळं. आयुष्यभर पिवळ्यावर काळं.
एकाहत्तर साली त्यांना पत्र आलं,
तिकिटावर ट्रॅक्टर.

लिहिणारा अर्काडी ल्वोविच स्त्रेझनेव्ह,
सिनेमासाठी घरं बांधणारा,
जी शेवटच्या दिवशी मोडायचीच असतात.
मामांचं नाव त्याला कुणी दिलं, कधी कळलं नाही.
मराठी करणारी बाई 'आपण', 'कृपया' लिहायची,
मध्येच हातून एखादा 'की' सुटायचा;
आमच्याच बाजूची असावी.

त्याला स्टेशन पाहिजे होतं.
एक डॉक्टर उतरतो, न्यायला कुणी आलेलं नसतं,
एवढाच प्रसंग.
जिथं गाडी इंजिन बदलायला थांबते
आणि माणसं उगाच खाली उतरतात, असलं.

प्रश्न सव्वीस.
बाकावर बसल्यावर पाय टेकतात का?
भिंतीला डोकी टेकून तेलाचा डाग पडतो
तो किती उंचीवर?
कौलं कुठल्या लालची?

मामांनी टेप लावून डाग मोजला.
'काय करालायस बा?' स्टेशन मास्तर डिसोजांनी विचारलं.
'मॉस्कोला लागतंय.'
त्या दिवसापासून गावात त्यांचं नाव मॉस्को.

खानापूरच्या भट्टीतलं एक कौल
आणि खोबरेलाची बाटली, गोणपाटात शिवून पाठवली.
कौलाचे तीन तुकडे झाले वाटेत.
स्त्रेझनेव्हनं लिहिलं, बरं झालं, आतला रंग दिसला.

पत्रांतून त्याचं मागचंही येत गेलं.
पहिलं काम एकोणिसाव्या वर्षी, जळालेलं खेडं.
खऱ्या जळालेल्या खेड्यांतून नुकताच परतलेला,
तरी काजळी कशी लावतात ते विचारावं लागलं.
मग जुलैतला हिवाळा, मिठाचा.
घोडे चाटायचे,
हिवाळा पुन्हा पसरावा लागायचा.
एक जिना, तेरा पायऱ्या, वर काही नाही;
नायिका रडत वर जायची
आणि मागच्या शिडीनं चहाला उतरायची.
एकदा समितीनं विचारलं,
कामगाराच्या खोलीत ओल का?
त्यानं भिंत रंगवून दिली. तरी दोन वर्षं काम नाही.
'ओल खरी होती.'
खाली रेघ. त्याची की बाईंची, कळत नाही.

सव्विसावा प्रश्न: पाटीवर काय लिहू?

इथं मामा आठ दिवस थांबले.
पाटीवरनं आमच्याकडं डोकी फुटल्यात.
कुठली लिपी वर, कुठली खाली;
रात्री कुणीतरी डांबर फासायचं,
सकाळी मामांचा ब्रश, दोन्हीकडच्या शिव्या खात.
शेवटी दोन कागदांवर दोन्ही काढून पाठवली,
कानडी आणि आपली. कोण वर, ते लिहिलंच नाही.
एवढंच: 'काही लोक ड काढतात. तुम्ही ढ काढा.
पोट नीट गोल येऊ दे.'

सिनेमा बेळगावात आला आठ वर्षांनी,
कॉलेजच्या हॉलमध्ये, पडद्याला मधोमध शिवण.
मामा इस्त्रीचा सदरा घालून.
शेजारी मी, नववीत, वर्गातला ढ.
डॉक्टर उतरला. कौलं. बाक.
डाग, तीन फूट दहा इंचांवर.
मागं वाफेत अर्धी पाटी:
दोन्ही नावं एका ओळीत, शेजारी शेजारी,
वाचता न येणाऱ्यानं चित्रासारखी काढलेली.
ढ ला एक वळसा जास्त.
मोजून अकरा सेकंद.

'चुकलं की हो,' मी म्हटलं.
मामा बोलले नाहीत. रीळ बदलेपर्यंत
बोटानं हवेत तो ढ काढून बघत होते.

शेवटचं पत्र त्याच्या मुलीचं.
बाबा गेले. स्टेशन मोडायचं राहून गेलं,
आता ते कधी ब्राझील होतं, एकदा इटली.
दरवेळी भिंत नवी रंगवतात, दरवेळी डाग वर येतो.
रंगात काय मिसळलं होतं, आपल्याला माहीत आहे का?

मामांना माहीत होतं.
खरं उत्तर लिहिलं नाही त्यांनी.